मदेइराचं ऊन

आइला कोर्तेसोया साठ वर्षांची झाली, त्या दिवशी ती आपल्याच घरात पडदे ओढून चोरासारखी बसली होती. बाहेर तांपेरे शहरातला नोव्हेंबर होता, म्हणजे धड पाऊस नाही, धड बर्फ नाही, नुसता राखाडी चिखल. जगाच्या लेखी मात्र ती दूर मदेइरा बेटावर ऊन खात पडली होती.

ही पाळी आली ती एका साध्या रिवाजापायी. फिनलंडात पन्नाशी-साठी म्हणजे उघडं दार. आमंत्रण कोणालाच नसतं. ज्याला यावंसं वाटेल तो फुलं घेऊन येतो, दाराशी बूट काढतो, कॉफी पितो, केकचा तुकडा खातो आणि फारसं न बोलता जातो. ज्याला हे सगळं नको असेल, त्याने सकाळच्या वर्तमानपत्रात दोनच शब्द छापायचे: ‘प्रवासात आहे.’ कोणी कुठेही गेलेलं नसतं. सगळ्यांना ते ठाऊक असतं आणि कोणी विचारत नाही. एरवी खोट्याला बिचकणाऱ्या त्या माणसांनी ही एवढीच थाप सभ्य ठरवून ठेवली आहे.

आइलाने पन्नाशीला दार उघडं ठेवलं होतं. कोळंबीचे दोन भलेमोठे सँडविच-केक मागवले, इमारतीच्या क्लबातून कप उसने आणले, केस सेट करून घेतले. संध्याकाळपर्यंत आलेली माणसं एका सोफ्यावर मावली. समोरची केर्त्तू आली, ओउलूहून मुलगी आली, नाटकाच्या कपडेपटातल्या दोघी आल्या. एकही दिग्दर्शक नाही, एकही नट नाही. उरलेल्या केकमधली कोळंबी तिसऱ्या दिवशी वास मारायला लागली, तेव्हा तो कचऱ्यात टाकताना आइला हमसून हमसून रडली. साठीला पुन्हा तो केक कापायची तिची छाती नव्हती.

आणि ही एकेकाळी सबंध देशाची लाडकी. एकोणिसाव्या वर्षी तिने ‘ओंडक्यांची नदी’ या सिनेमात होडी वल्हवणाऱ्या मुलीचं काम केलं होतं. हाताला फोड आले, फोड फुटले, तरी तिने वल्ही सोडली नाहीत आणि शेवटी होडीत बसून अशी हसली की लोक वेडे झाले. तो सिनेमा अजूनही उन्हाळ्यात टीव्हीवर लागतो. पुढे मात्र निर्मात्यांना तिच्यात एवढंच दिसलं, की ही पाण्यात छान दिसते. मग काय, सिनेमामागून सिनेमे ती टॉवेल गुंडाळून तळ्यात पडत राहिली. पडायचं वय सरल्यावर टीव्हीच्या मालिकेत नर्स झाली. नवा लेखक आला, त्याला नर्स नको होती, त्याने तिला उत्तरेला लाप्लांडला सहलीला पाठवून बर्फाखाली गाडलं. त्यानंतर उन्हाळी नाटकं. उघड्या मैदानात रेनकोट घातलेल्या प्रेक्षकांपुढे, कधी तर घोड्याच्या लिदीत पाय देऊन. तेही कमी झालं तसं तिने दुकानात गल्ल्यावर काम धरलं. त्या देशात ओळख पटली की माणसं नजर खाली घालतात. आइला दुधाच्या पिशव्या यंत्रासमोरून सरकवायची आणि गिऱ्हाईक आपल्या बुटांकडे बघत उभं राहायचं. तिला वाटायचं, एकाने तरी विचारावं, तूच ना ती होडीतली?

पण बाई चिवट. इंटरनेट आलं तेव्हा लोकांनी तिथे पहिली चर्चा केली ती ‘ही जिवंत आहे का’ अशी. आइलाने खोटं नाव घेऊन स्वतःच उत्तर टाकलं: ‘जिवंत आहे, परवाच बाजारात दिसली, छान दिसत होती.’ मग मुलीने तिचं पान काढून दिलं. सुरुवातीला दालचिनीच्या पावांचे फोटो. मग ती हवामानाचा अंदाज शोकांतिकेतल्या राणीच्या आवाजात वाचायला लागली आणि चार लोक हसले. फोन कॉफीच्या डब्याला टेकवायचा, गालावर खिडकीचा उजेड घ्यायचा, हे ती आपलं आपण शिकली. हल्ली कामं देणारे आधी विचारतात, तुझ्या पानाला अनुयायी किती? हा प्रश्न तिला थोबाडीत मारल्यासारखा लागायचा, पण उत्तर तोंडपाठ होतं.

साठी आली. वर्तमानपत्रात तिने रीतीप्रमाणे ‘प्रवासात आहे’ छापलं आणि तेच आपल्या पानावरही टाकलं. चूक झाली ती इथे. वर्तमानपत्र वाचणारे कोणी काही विचारणार नव्हते. पण पानावरच्या एका पोरीने विचारलं, ‘वा! कुठे?’

किती दिवसांनी कोणाला तरी काहीतरी जाणून घ्यायचं होतं. आइलाने वाइनचा दुसरा ग्लास संपवला आणि लिहिलं, ‘मदेइरा. महिनाअखेरपर्यंत.’ फोटो दाखव, असा आग्रह झाला. जुन्या पेटीत तिथल्या सहलीचा एक फोटो होता, नवऱ्याबरोबरचा. घटस्फोटात नवरा गेलाच होता, आता फोटोतूनही तिने त्याला कापला. कापताना त्याचं कोपर तेवढं राहून गेलं. झालं! ‘हे कोपर कोणाचं गं, आइला?’ म्हणत लोकांचा पूर लोटला. आयुष्यभर राबून जे जमलं नाही, ते एका कोपराने करून दाखवलं.

दुसऱ्या दिवशी दारात किल्ली फिरली. शेजारी परगावी गेला की कुंड्यांना पाणी घालायचं, म्हणून केर्त्तूकडे किल्ली असायची. केर्त्तू अठ्ठ्याहत्तरची, जन्म कापडगिरणीत गेलेला, आवाज अजून यंत्रांच्या वर चढणारा.

“अगं आई! कुंडीला पाणी घालायला आले तर कुंडीच उठून बसली!”

“ओरडू नकोस,” आइला कुजबुजली. “मी मदेइराला आहे.”

“दिसतंय. हवा कशी आहे तिथली?”

आइलाने सगळं सांगितलं. केर्त्तूने पाणी घालायची झारी टेबलावर आपटली. “प्रवासात आहे म्हणून गप्प बसायचं असतं गं. कुठे ते सांगायचं नसतं! साठ वर्षं या देशात काढलीस आणि एवढं कळलं नाही तुला?”

“एकीने विचारलं.”

“विचारू दे की! मला रोज लोक विचारतात, कशी आहेस. मी सांगते का?”

पण केर्त्तू तोंडाने फटकळ असली तरी माणूस पक्कं. रोज संध्याकाळी दूध, राईचा पाव, कधी बाजारातलं गरम काळं सॉसेज घेऊन ती यायला लागली. आइला दिवा लावत नव्हती. खालच्यांना नळाचा आवाज जाईल म्हणून नीट अंघोळही करत नव्हती. शुक्रवारी इमारतीच्या सौनात, म्हणजे वाफेच्या न्हाणीघरात, बायकांची पाळी असायची, तीही बुडाली. बंद दारामागे बसून खाली जाणाऱ्या बायकांच्या चपला ती ऐकत राहिली, आणि तिला वाटलं, मेलेल्या माणसाला असंच वाटत असेल.

अशात व्हेन्ला तुकिआइनेनचा निरोप आला. व्हेन्ला म्हणजे ती तरुण दिग्दर्शिका, जिचा पहिलाच सिनेमा देशोदेशी गाजला होता. तिने लिहिलं होतं: ‘वाढदिवसाला येणार होते, पण तू प्रवासात होतीस. मी नवा सिनेमा करतेय. नवरा गोठलेल्या तळ्यावरून चालत जातो आणि परत येत नाही, बायको स्वयंपाकघरात बसून वाट बघते. सगळा सिनेमा तिचाच. तू डोळ्यासमोर आहेस. सुट्टी मोडून येऊ नकोस. तिथूनच सोबतच्या प्रसंगाचा व्हिडिओ पाठव. गुरुवारपर्यंत मिळाला तर बरं.’

आइलाने तो प्रसंग उभ्या उभ्या दोनदा वाचला. बाई टेबलाशी बसते. बाहेर पावलं वाजतात. ती मान वळवते. पावलं पुढे जातात. बस, एवढंच. हे काम ती कॅमेऱ्याशिवाय कित्येक वर्षं करत आली होती. हे मिळालं तर तिचा सगळा जन्म सार्थकी लागणार होता, आणि गेलं तर पुन्हा कोणी विचारणार नव्हतं, हे तिला स्वच्छ दिसत होतं.

“मग लिही ना, परत आले म्हणून,” केर्त्तू म्हणाली. “जा आणि तोंड दाखव.”

“कुठलं तोंड? हे? इतके दिवस उन्हात काढून आलेली बाई अशी पिठासारखी पांढरी असते का? बघताक्षणी कळेल तिला.”

“कळू दे.”

“खोटारडी म्हातारी म्हणून? देशभर होईल, केर्त्तू. कोपरासकट!” आइलाचा आवाज फाटला. “मला हे काम पाहिजे. भीक मागून मिळत असेल तर मी भीक मागेन. पण हसं नको गं. हसं आता सोसवत नाही.”

केर्त्तू गेली आणि आपला दिवा घेऊन आली. अंधाऱ्या नोव्हेंबरात तिथे घरोघरी सकाळी माणसं असल्या झगझगीत दिव्यासमोर बसतात, नाहीतर डोकं फिरतं. दोघींनी दिवा कपाटावर चढवला, केर्त्तूच्या लांब पानांच्या कुंडीची सावली भिंतीवर पाडली आणि स्वयंपाकघरात मदेइरा उगवलं. आइलाने उन्हाळी ब्लाउज घातला, गालांना लाली चोळली. अंगावर काटा उभा राहत होता, पण कॅमेऱ्यात तो दिसत नव्हता. फोन कॉफीच्या डब्याला टेकवला. केर्त्तूने दाराबाहेर पावलं वाजवली, आइलाने मान वळवली. एकदा, दोनदा, पाचदा. दर वेळी वाट बघायला लागलं की दिवा डोळ्यांत जायचा, डोळे बारीक व्हायचे आणि ती हसल्यासारखी दिसायची. आपलं काम बिघडतंय, हे तिला कळत होतं. दिवा विझवला तर सगळं बरोबर येईल, हेही कळत होतं. तिने दिवा विझवला नाही, आणि गुरुवारच्या आत व्हिडिओ पाठवून दिला.

उत्तर लगेच आलं. ‘धन्यवाद, आइला. किती ताजीतवानी दिसतेस! छान विश्रांती घे.’

आइलाने ते केर्त्तूला वाचून दाखवलं. केर्त्तूने तोंडातला घास गिळला. “बरं लिहिलंय की.”

“नाही म्हणालीय ती,” आइला म्हणाली. “याहून प्रेमाने नाही म्हणता येत नाही.”

पुढचे दिवस तिने कसे काढले, तिचं तिला ठाऊक. पानावर रोज फोटो मागत, म्हणून पेटीतले जुने फोटो पुरवून पुरवून टाकत होती. शंभरदा वाटलं, व्हेन्लाला खरं लिहावं. लिहायची आणि पुसायची. निर्णय अजून झाला नसेल, अशी एक वेडी आशा तिने धरून ठेवली होती, कारण ती सोडली तर हातात कोपराशिवाय काही उरत नव्हतं.

महिना संपायला आला होता. दुपारचे तीन वाजले होते आणि अंधारून आलं होतं. लिफ्ट मजल्यावर थांबली. पावलं आली. आइलाने मान वळवली. पावलं पुढे गेली नाहीत, तिच्याच दाराशी थांबली आणि बेल वाजली.

ती नुसत्या मोज्यांनी दाराशी गेली आणि भिंगाला डोळा लावला. पलीकडे हातभर अंतरावर व्हेन्ला तुकिआइनेन उभी होती. टोपीवर ओला बर्फ, हातात कागदात गुंडाळलेली फुलं.

आइलाने श्वास धरला. कडीवर हात होता. उघडलं तर न विंचरलेले केस, पांढरं तोंड, पंधरा दिवसांचा कोंदट वास. उघडलं नाही तर ही निघून जाणार. उघड, उघड, ती स्वतःला म्हणत होती, आणि हात काही केल्या हलत नव्हता. व्हेन्ला थोडा वेळ थांबली आणि मग तिने समोरची बेल वाजवली.

केर्त्तू बाहेर आली. “आइला? ती नाही. मदेइराला आहे. समुद्रात डुंबतेय. कुंड्यांना मी पाणी घालते.” गिरणीतल्या आवाजात, जिन्यावरून तळमजल्यापर्यंत ऐकू जाईल असं ती खोटं बोलली, आणि दाराआड उभ्या असलेल्या आइलाला तिचं तोंड दाबावंसं वाटलं.

“मला वाटलं, आली असेल,” व्हेन्ला म्हणाली. “एवढी फुलं द्याल तिला?”

मग पावलं आणि लिफ्ट. आइलाने तेव्हा दार उघडलं. केर्त्तू फुलं घेऊन उभी होती. “सांभाळलं की नाही मी?” ती म्हणाली. “जन्मात इतक्या सफाईने खोटं बोलले नव्हते. अगं, अगं, कुठे निघालीस? पायात काही नाही तुझ्या!”

आइला जिना उतरत होती. सहा मजले. खाली रस्त्यावर गारठलेल्या चिखलात लोकरीचे मोजे पहिल्याच पावलाला भिजले. थांब्यावर बस उभी होती, व्हेन्ला आत चढली होती, दार मिटत होतं. तिने काचेवर दोन्ही हातांनी धडाधड मारलं. ड्रायव्हरने दार उघडलं, तिच्याकडे पाहिलं, मोज्यांकडे पाहिलं आणि नजर खाली घातली. तिकीट त्याने मागितलं नाही.

बस अर्धी रिकामी होती. तिथे रिकामी जागा असताना कोणी कोणाच्या शेजारी बसत नाही. बसलं तर शेजारचा उतरून जाईल, इतकं ते वाईट. आइला सरळ गेली आणि व्हेन्लाच्या शेजारी बसली.

“मी घरीच होते.”

व्हेन्लाला तिला ओळखायला क्षणभर लागला. “आत्ता? मी बेल वाजवली तेव्हा?”

“दाराच्या मागे. तुझी टोपी दिसत होती मला.”

“आणि मदेइरा?”

“केर्त्तूचा दिवा.” आइलाला धाप लागली होती, आणि एकदा तोंड उघडल्यावर ते मिटेना. पन्नाशी, केक, कोळंबी, कोपर, सगळं बाहेर पडलं. “पुन्हा एकदा घे मला. आत्ता घे, इथे घे. बघ माझ्याकडे नीट. ही बाई ताजीतवानी दिसते का तुला? मी वाट बघू शकते, व्हेन्ला. मला दुसरं काही येत नाही!” बसमधली सगळी माणसं खिडकीतून बाहेर बघत होती. काचांवर वाफ धरली होती, बाहेरचं काही दिसत नव्हतं.

व्हेन्लाने हातमोजे काढून मांडीवर ठेवले. “काल सह्या झाल्या, आइला. दुसरी आहे. चांगली आहे ती.”

आइलाने मान हलवली. पायाखाली मोज्यांतून पाणी गळत होतं.

“मग आज आलीस कशाला?” तिने विचारलं. विचारताना ती जवळजवळ खेकसलीच.

“साठी झाली ना तुझी,” व्हेन्ला म्हणाली. “कामाचा त्याच्याशी काय संबंध? वाढदिवसालाच येणार होते मी, फुलं घेऊन. लहानपणी आजी मला दर उन्हाळ्यात तुझी होडी दाखवायची. म्हणायची, बघ, ही पोर खरंच वल्हवतेय. मला फक्त एकदा तुझ्या घरी यायचं होतं. कॉफीला.”

इतक्या वर्षांत पहिल्यांदा कोणीतरी काही काम नसताना तिच्या दारात आलं होतं, आणि ती दाराआड श्वास धरून उभी राहिली होती. आइलाला आता रडू आलं. काम गेल्याचं नव्हतं ते. तिने तोंड ओंजळीत धरलं. कोणी मागे वळून बघितलं नाही, पण दोन थांबे गेले तरी बसमधून कोणी उतरलंही नाही.

मग तिने बाहीने नाक पुसलं. “तुझी परतीची आगगाडी कितीची आहे?”

“तासातासाला असतात.”

“मग पुढच्या गाडीने जा.” आइलाने थांब्याची कळ दाबली.

दोघी उतरल्या, रस्ता ओलांडला आणि उलट्या दिशेच्या थांब्यावर उभ्या राहिल्या. आइलाचा फोन घरी टेबलावर राहिला होता, त्यावर कोपराची चौकशी चालूच असणार. फुलं केर्त्तूने एव्हाना पाण्यात घातली असतील. पायांची बोटं बधिर झाली होती. पुढचा सिनेमा, पुढचं काम, हे शब्द अगदी जिभेच्या टोकावर येत होते आणि आइला ते परत गिळत होती. तिथे थांब्यावर माणसं एकमेकांपासून चार हात लांब उभी राहतात. व्हेन्ला तिच्या अगदी लगत उभी राहिली, वाऱ्याच्या बाजूला.

“केक नाही घरात,” आइला म्हणाली. “दूधही संपलंय. काळी कॉफी चालेल ना?”

“चालेल,” व्हेन्ला म्हणाली.